नावं तीच, बाई दुसरी

त्या सकाळी आपलं नेमकं काय चुकलं ते फिरव्यांना काही केल्या कळेना. अर्धी दाढी झाली होती, उरलेल्या गालावरचा फेस वाळत चालला होता आणि बायको बेसिनशी कागद हातात धरून उभी होती. बोलत मात्र नव्हती. बायको बोलत असली की काळजी नसते आणि गप्प झाली की असते, एवढं फिरव्यांना इतक्या वर्षांच्या संसारात समजलं होतं. ती गप्प का झाली हे ओळखायची कला काही साधली नव्हती.

"अहो, हे काय आणलंत?" शेवटी ती म्हणाली.

"आईचा कागद. तूच सांगितलंस ना, मोठ्या अक्षरांत टाइप करून आणा म्हणून?"

"टाइप करून आणा म्हटलं होतं मी."

"मग? केलाय की."

"ऐका." तिनं कागद डोळ्यांसमोर धरला आणि वाचायला लागली. "माझे बालपण जलाशयाच्या सान्निध्यात व्यतीत झाले. आमच्या निवासस्थानाचे छत धातूचे असून वायुवेग वाढल्यास तेथे प्रचंड ध्वनी निर्माण होई." ती थांबली. "ही कोण बोलतेय?"

फिरवे म्हणाले, "आई."

आणि म्हणता म्हणताच त्यांच्या हातातला ब्रश थांबला.

आता हा कागद कसला आणि हे फिरवे कोण ते आधी सांगायला हवं, नाहीतर तुम्हीही त्यांच्यासारखे अर्ध्या दाढीवर उभे राहाल. फिरवे हे त्यांचं आडनाव नव्हे. ते त्यांच्या कामावरून पडलेलं नाव. टायरच्या दुकानावर एक लांबट खोली होती, तिथं वर जायला लोखंडी जिना, आत सहा टेबलं, आणि खिडकी उघडली की रबराचा वास. त्या खोलीत मजकूर फिरवायचं काम चाले. म्हणजे असं, की एखादी कंपनी फ्रीज बनवते आणि त्याचं वर्णन एकदाच लिहून देते. दुकानं मात्र ढीगभर. सगळ्यांच्या पत्रकांवर तीच वाक्यं छापली तर गिऱ्हाईक हसेल. म्हणून ते वर्णन या खोलीत यायचं. एका दुकानासाठी फ्रीज थंडगार व्हायचा, दुसऱ्यासाठी शीतल, तिसऱ्यासाठी गारेगार. फ्रीज तोच, शब्द वेगळे. हॉटेलांची माहिती, दवाखान्यांची पत्रकं, निवृत्त होणाऱ्या साहेबांची निरोपाची भाषणं, सगळं तिथं फिरायचं. निरोपाच्या भाषणांना तर मरण नव्हतं. सगळे साहेब मेहनती, मनमिळाऊ आणि शिस्तीचे असतात, त्यामुळे एकच भाषण फिरवून फिरवून कितीतरी साहेब घरी गेले.

खोलीची मालकीणबाई कडक होती आणि तिचे नियम दोन होते. पहिला नियम, नावाला हात लावायचा नाही. माणसाचं असो, गावाचं असो, कंपनीचं असो, औषधाचं असो. कागद हातात आला की आधी पेन्सिलीनं सगळ्या नावांभोवती चौकटी करायच्या, मग बाकीच्या शब्दांना हात घालायचा. एकदा एका नवख्यानं एका डॉक्टरांचं नाव साधंच वाटतं म्हणून जरा भारदस्त करून टाकलं. त्या डॉक्टरांना फोन येणं बंद झालं, आणि नवखाही पुन्हा जिना चढताना दिसला नाही.

दुसरा नियम जास्त अवघड होता. फिरवून झालं की मूळ कागद लगेच कातरायच्या मशीनमध्ये घालायचा आणि डोक्यातूनही काढून टाकायचा. मूळ डोक्यात राहिलं की ते न बोलावलेल्या पाहुण्यासारखं परत येतं आणि पुढच्या कागदात ठाण मांडून बसतं, असं मालकीणबाई म्हणायची. बाकीच्यांना हे विसरणं जमायला वेळ लागे. आमच्या माणसाला मात्र ते इतकं साधलं होतं की मशीनची घरघर थांबायच्या आत त्यांच्या डोक्याची पाटी कोरी झालेली असे. समोरच्या टेबलावर जाड भिंगांचा चष्मा लावून बसणारे गृहस्थ, त्यांना सगळे भिंगवालेच म्हणत, त्यांनीच कधीतरी त्यांना फिरवे म्हणायला सुरुवात केली. मग मालकीणबाई म्हणायला लागली, मग खालचे टायरवाले, आणि शेवटी बायकोही चिडली की तेच म्हणायला लागली.

घरी या कामाचा त्रास व्हायचा तो बायकोला. हा माणूस एक गोष्ट दोनदा सांगायची झाली तर दुसऱ्यांदा वेगळ्या शब्दांत सांगायचा. काल "दमलो" म्हणाला तर आज "थकवा आलाय", उद्या "अंगात त्राण नाही". बायको बिचारी तिसऱ्या दिवशी डॉक्टरकडे न्यायला निघायची. "एकदा जे म्हणालात तेच म्हणा ना," ती म्हणायची. फिरव्यांना त्यात काय बिघडतं ते कळायचं नाही. अर्थ तर तोच असतो ना?

आता आई. आई त्यांच्याकडेच राहायची. काही वर्षांपूर्वी तिच्या लक्षात गोष्टी राहीनाशा झाल्या, आधी चष्मा, मग वार, मग माणसं. पण बाई मोठी धोरणी. फार बिघडायच्या आधीच तिनं परगावच्या लेकीला, म्हणजे फिरव्यांच्या ताईला, बोलावून घेतलं आणि जेवणाच्या टेबलाशी बसवून सांगितलं, "मी बोलते, तू लिही. उद्या मला मीच आठवले नाही तर हे मला वाचून दाखवत जा." ताईनं एका कागदाच्या पाठपोट लिहून घेतलं, आईच्या तोंडून आलं तसंच.

तेव्हापासून रोज सकाळी फिरव्यांची बायको सासूबाईंना तो कागद वाचून दाखवायची. आई खिडकीशी खुर्चीत बसायची, हातात कंगवा, केस विंचरता विंचरता ऐकायची, मधेच मान हलवायची. वाचून संपलं की म्हणायची, "हो. मीच ती." मग चहा घ्यायची, आणि दिवस सरळ जायचा. कधी वाचायचं राहून गेलं तर मात्र दुपारपर्यंत ती या खोलीतून त्या खोलीत फिरत राही आणि भेटेल त्याला हे घर कुणाचं म्हणून विचारी. त्या कागदावर त्या घराची शांतता उभी होती, असं म्हटलं तरी चालेल.

रोज उघडून मिटून कागद घड्यांवर फाटत आला होता. त्यात त्याच्यावर दूध सांडलं. म्हणून बायकोनं तो फिरव्यांच्या पिशवीत घातला आणि ऑफिसातून नीट टाइप करून आणा म्हणून सांगितलं. त्या दिवशी टेबलावर आधी एका हॉटेलचं पत्रक होतं आणि नंतर चाकाच्या खुर्च्यांचं, आणि मधे आई. फिरव्यांनी पेन्सिल घेतली, नावांभोवती चौकटी केल्या, आईच्या, वडिलांच्या, ताईच्या आणि स्वतःच्यासुद्धा. मग हात चालू लागले. संपल्यावर त्यांनी मूळ कागद उचलला, मशीनमध्ये घातला आणि चाकाच्या खुर्च्या पुढे ओढल्या. झोपेत चालणारा माणूस जसा दाराची कडी काढतो, तसं हे सगळं झालं.

"मूळ कागद कुठंय?" बायकोनं विचारलं.

"तो... कातरला."

"कातरला?"

"नियम आहे तसा."

बायकोनं कपाळावर हात मारून घेतला. फोटो काढून ठेवायला हवा होता, हे पुढे सगळ्यांनी सांगितलं. मागाहून शहाणपण कुणालाही येतं.

तरीही फिरव्यांचं म्हणणं असं, की एवढं घाबरण्यासारखं काही नाही. अर्थ बदललेला नाही, नावं जशीच्या तशी आहेत. हवं तर तपासून घे. "वाचून तर बघ. आईला चालेल," ते म्हणाले. बायकोनं नाइलाजानं वाचलं. आई कंगवा हातात धरून ऐकत राहिली. केस काही विंचरले नाहीत.

"कोण ही बाई?" संपल्यावर तिनं विचारलं.

"आई, तुम्हीच ना," बायको म्हणाली.

"छे. नाव माझं लावते, पण फार शिष्ट दिसते." आणि चहा घेतला. बरं तर बरं, हसून घेतला.

फिरव्यांना वाटलं, सवयीनं जमेल. दुसऱ्या दिवशीही तोच कागद वाचायला लावला, आणि तिथंच ते फसले. कारण दुसऱ्या दिवशी आईनं लक्ष देऊन ऐकलं. वडिलांचं नाव आलं, "यांच्याशी माझा परिणय झाला", आणि आईचा हात खुर्चीच्या कडेवर घट्ट झाला.

"पुन्हा वाच."

बायकोनं घाबरत घाबरत पुन्हा वाचलं.

"ह्यांचं नाव घेतलं तिनं," आई म्हणाली. "ह्यांच्याशी लग्न झालं म्हणते. पोरांची नावंसुद्धा माझ्याच पोरांची सांगते. आणि मला कुणी बोललं नाही!"

नावं तीच होती म्हणून तर हे झालं, हे फिरव्यांच्या डोक्यात शिरायला जरा वेळ लागला. नावंही बदलली असती तर आईनं कुणा परक्या बाईची हकिकत म्हणून ऐकलं असतं आणि सोडून दिलं असतं. आता तिच्या नवऱ्याची, तिच्या पोरांची, तिच्या स्वतःच्या नावाची एक भारदस्त बाई घरात येऊन बसली होती. ती जलाशयाच्या सान्निध्यात वाढलेली आणि वस्त्रनिर्मितीच्या आस्थापनेत कार्यरत होती. तिच्यापुढे आपला काय पाड, असं आईला वाटलं असणार. आईचं तोंड एवढंसं झालं.

त्या दिवशी ती जेवली नाही. "तिला वाढा आधी," म्हणाली. संध्याकाळी फिरवे घरी आले तर आई बाहेरच्या दाराशी खुर्चीत बसली होती. मांडीवर पिशवी, पिशवीत कंगवा आणि शाल. त्यांच्याकडे बघून ती सभ्यपणे म्हणाली, "फार दिवस राहिले तुमच्याकडे. आता निघते. ज्यांचं घर त्यांनी राहावं."

तुमच्याकडे! जन्मात आईनं फिरव्यांना तुम्ही म्हटलं नव्हतं. ते म्हणाले, "आई, तुझंच घर आहे." आई हसली, पाहुणे हसतात तशी, आणि पिशवीचे बंद तिनं आणखी घट्ट धरले.

दुसऱ्या दिवशी फिरवे ऑफिसात गेले ते थेट कातरणाच्या गोणीकडे. गोणी रिकामी होती. कातरण रोज संध्याकाळी शेजारच्या काचसामानवाल्याकडे जायचं, पेल्यांच्या खोक्यांत भरायला. फिरवे जिना उतरून तिथं गेले. काचसामानवाल्यानं शांतपणे विचारलं, "कागदाच्या पट्ट्या परत हव्यात? कुठल्या पेल्यांच्या?" आता याला काय उत्तर द्यायचं? माझी आई पेल्यांभोवती गुंडाळली गेलीय असं सांगायचं? त्यांनी दोनचार खोक्यांत हात घालून बघितलं. निळ्या शाईची एक पट्टी मिळाली, तिच्यावर अक्षरांची नुसती टोकं होती.

भिंगवाल्यांनी ती पट्टी डोळ्यांजवळ नेऊन बघितली आणि परत दिली. "अहो फिरवे, मूळ आठवून लिहा की. तुम्हीच तर फिरवलंत."

"आठवत नाही."

"एकही वाक्य?"

"मला आठवत नाही म्हणूनच तर माझं नाव आहे इथं," फिरवे म्हणाले. आणि आजवर ज्याचा अभिमान वाटायचा ते बोलताना त्यांना लाज वाटली.

ताईला फोन केला. ताईनं आधी पोटभर झापलं. मग म्हणाली, "अरे, ती सांगत गेली, मी लिहीत गेले. हात दुखत होता माझा, एवढं आठवतंय. पत्र्याचं काहीतरी होतं. आणि बाबा चिडायचे ते."

"चिडायचे म्हणजे? शब्द काय होते?"

"चिडायचे म्हणजे चिडायचे! शब्द काय असणार?"

बायकोला विचारलं. रोज वाचणारी तीच, तिला तर पाठ असायला हवं. ती विचारात पडली. "मी वाचत होते हो, ऐकत कुठं होते? एक डोळा गॅसवर, एक घड्याळावर. तोंड आपोआप चालायचं." तिला सुरुवातीची दोन वाक्यं आठवली असं वाटलं, पण म्हणायला गेली तर मधे जलाशय आला. तुमच्या कागदानं माझ्याही डोक्यात घाण केली, म्हणाली. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

मग फिरव्यांनी ठरवलं की फिरवलेलं उलटं फिरवायचं. धंदा आपलाच आहे, पुढे जाता येतं तसं मागेही येता येईल. कामावरून आले की ते जेवणाच्या टेबलाशी बसायचे, नवा कागद एका बाजूला, कोरा कागद दुसऱ्या बाजूला. जलाशय. मूळ शब्द काय असेल? तळं? विहीर? तलाव? ओढा तर नसेल? ओढ्याला आपण जलाशय केलं असेल का? केलंही असेल, घाईत काय काय होतं. वडिलांना लावलेला शीघ्रकोपी हा शब्द चिडके, तापट, रागीट, तिरसट, कशावरूनही आलेला असू शकत होता. एकेका शब्दामागे पाच पाच वाटा निघायच्या आणि प्रत्येक वाटेच्या टोकाला एक वेगळी आई उभी असायची. फिरवे गोंधळून जायचे, चष्मा काढून पुसायचे, पुन्हा लावायचे. कागद तोच दिसायचा.

आणि मधेच त्यांच्या ध्यानात आलं की शब्द आठवत नाहीत हे एक झालं, पण खरं काय होतं तेही आपल्याला माहीत नाही. आई लहानपणी कुठं राहायची? तळ्याशी की विहिरीशी? त्यांनी कधी विचारलंच नव्हतं. रोज सकाळी बायको वाचायची तेव्हा ते दाढी करायचे, नळ सोडलेला असायचा. माझी आई मला माहीत नाही, असं ते मनाशी म्हणाले, आणि या एका वाक्याला दुसरे शब्द त्यांना सुचेनात. खूप वाईट वाटलं त्यांना. बसल्या जागी डोळे भरून आले.

कागदाच्या तळाशी एक वाक्य होतं. "कनिष्ठ पुत्रास वाचा विलंबाने प्राप्त झाली, तथापि मातृसंबोधनाची त्यास विशेष आवड होती." हे वाक्य त्यांनी कितीतरी वेळा वाचलं. चाकाच्या खुर्च्यांसारखंच ते वाटायचं, कुणाचं तरी. कनिष्ठ पुत्र म्हणजे आपण, हे लक्षात यायला दोन संध्याकाळी गेल्या. पुढे त्यांचं नाव होतं, चौकटीत जपलेलं, एका काना-मात्रेचा फरक नाही. आणि तरी ओळख पटली नव्हती.

रोज सकाळी ते आपली नवी कारागिरी आईला वाचून दाखवायला लागले. बायको म्हणाली, तुम्हीच वाचा, माझी जीभ आता वळत नाही. विहिरीचा कागद झाला, मग ओढ्याचा झाला, तापट वडिलांचा झाला, मग तिरसट वडिलांचा. एकानंही गुण आला नाही. उलट आगीतून फुफाट्यात. आधी एक बाई होती, आता रोज नवी यायला लागली, आणि सगळ्यांना नवरा एकच. आई त्यांचा हिशोबही ठेवायला लागली.

"ही विहिरीवरची ना?" ती विचारायची. "कालची बरी होती हिच्यापेक्षा. ही खोटं बोलते."

"कशावरून?"

"ह्यांना तिरसट म्हणते. तिला काय माहीत?"

मग ती बोटांवर मोजायची, शिष्ट, विहिरीवरची, ओढ्यावरची, आणि थकून म्हणायची, "एवढ्या बायका! आणि मी त्यांतली कितवी, ते कुणी सांगत नाही." पिशवी आता कायम मांडीवर असायची. जेवण चार घासांवर आलं होतं. रात्री झोपताना शाल अंगावर न घेता पिशवीतच ठेवायची, सकाळी लवकर निघायचं असतं म्हणून. बायको एकदा चिडून म्हणाली, "तुमच्या सगळ्या शब्दांना आग लावा, पण त्यांना चार घास खाऊ द्या."

सुट्टीचा दिवस होता. फिरवे नेहमीसारखे खुर्ची ओढून आईसमोर बसले. आज त्यांनी तळं घेतलं होतं, वडील चिडके केले होते, धातूच्या छताचं पत्र्याचं छप्पर केलं होतं. त्यांना स्वतःलाच भरवसा नव्हता. आवाज खाली लागला.

"लहानपणी माझं घर तळ्याजवळ होतं. घराला पत्र्याचं छप्पर होतं. वारा जोरात आला की आवाज..."

"असं नाही," आई म्हणाली.

फिरवे थांबले.

"तुला नीट सांगताच येत नाही. कधीपासून ऐकतेय." आईनं त्यांच्याकडे वैतागून बघितलं. ती तू म्हणाली, हे फिरव्यांच्या ध्यानात आलं आणि ते श्वास रोखून बसले. "लहानपणी आम्ही तळ्याकाठी राहायचो. घरावर पत्रे होते. वारा सुटला की एकमेकांचं ऐकू यायचं नाही, मग आम्ही खुणांनी भांडायचो. असं आहे ते. आणि ही मी. त्या बाकीच्यांचं मला काही सांगत बसू नकोस."

फिरव्यांनी कागद उलटा केला आणि खिशातून पेन काढलं. आई बोलतच होती, थांबत नव्हती. रोज सकाळी ऐकलेलं, आणि त्याच्याही आधी स्वतःच्या तोंडचं, ते तिच्यात कुठंतरी सलग राहिलेलं होतं.

"मी कपड्यांच्या कारखान्यात बटणं लावायचे. अजून डोळे मिटून बटण लावीन. तिथंच ह्यांची ओळख झाली. हे लवकर चिडायचे आणि आपण चिडलोय हेच विसरायचे. मग मीच आठवण करून द्यायचे."

खुणांनी भांडायचो! हे शब्द फिरव्यांच्या एकाही कागदात नव्हते. फिरवलेल्या कागदात त्याचं नुसतं हावभावांद्वारे संवाद झालं होतं. हात भराभर चालत होता, आणि प्रत्येक शब्दाशी सवयीनं अडखळत होता. "लवकर" लिहिताना बोटं "चटकन"कडे वळायची. फिरवे दात आवळून "लवकर"च लिहायचे. उभ्या आयुष्यात त्यांनी ऐकलेलं जसंच्या तसं कधी लिहिलं नव्हतं, आणि ते किती अवघड असतं याची त्यांना कल्पना नव्हती. बायको स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. गॅस बंद करून आली होती.

"थोरली माझ्यावर गेली, उलट बोलणारी. तिची मला काळजी नाही." आईनं पिशवी मांडीवरून उचलली आणि खाली ठेवली. आतला कंगवा घेऊन केसांतून फिरवायला लागली. "धाकटा उशिरा बोलायला लागला. एकच शब्द शिकला, आई. दिवसभर तेवढंच. भूक लागली तरी आई, पडला तरी आई, काही नसलं तरी आई. लोक म्हणायचे, अहो, दुसरे शब्द शिकवा त्याला. मी म्हटलं, घाई काय आहे?"

फिरव्यांचं पेन चालायचं थांबलं.

"त्याचं नाव..." आई म्हणाली. कंगवा केसांत तसाच राहिला. "इथं त्याचं नाव आहे पुढे. काय बरं?"

दारातून बायकोनं तोंड उघडलं. फिरव्यांनी हातानं तिला थांबवलं. का थांबवलं ते त्यांना स्वतःलाही समजलं नाही. नाव सांगायला हवं होतं, की आईला आठवेपर्यंत वाट बघायला हवी होती? आजवर जिवापाड सांभाळलेली नावं, त्यांतलं स्वतःचं नाव जिभेवर येऊन बसलं होतं, आणि ते तिच्या हातात द्यावं की नाही हेच कळेना.

"जाऊ दे," आई म्हणाली. "तिथं जागा सोड. कामावर गेलाय, येईल एवढ्यात. त्यालाच विचारू."

"आई," फिरवे म्हणाले.

"काय रे?"

पुढे काय म्हणायचं होतं ते त्यांना सापडेना. सगळे शब्द पाठ असलेला माणूस नुसता बसून राहिला.

"आई," ते पुन्हा म्हणाले.

"हं, ऐकतेय मी. लिही आधी," आई म्हणाली, "नाहीतर विसरशील."